विद्यापीठांच्या स्टेडियममधील बिअर: कारण सुरक्षिततेचे, ओढ उत्पन्नाची

माननीय संपादक,

सप्रेम नमस्कार.

अमेरिकेत शिकायला जाणाऱ्या मराठी मुलामुलींसाठी आपल्या वृत्तपत्रात शुल्क, शिष्यवृत्ती आणि व्हिसा यांविषयी नेहमी उपयुक्त मजकूर येतो. तेथील विद्यापीठीय जीवनाचा एक भाग मात्र पालकांच्या कानावर फारसा पडत नाही, आणि तो म्हणजे विद्यापीठांच्या सामन्यांना होणारी बिअरची विक्री. गेल्या दहा-बारा वर्षांत ही विक्री एकेका विद्यापीठात सुरू होत गेली आणि आता ती इतकी सर्वसाधारण झाली आहे की तिच्याविषयी कोणी प्रश्नही विचारत नाही. अमेरिकेतील एका राज्य विद्यापीठाच्या गावात मी अनेक वर्षे राहते. मुलांच्या शाळेच्या बँडपथकासाठी निधी जमवणाऱ्या पालकांपैकी मी एक असल्यामुळे, मद्यविक्रीचे आवश्यक प्रशिक्षण घेऊन स्टेडियममधील काउंटरवर उभी राहते. जे लिहिते आहे ते पलीकडच्या बाजूने पाहिलेले आहे.

ज्यांनी हे सामने पाहिलेले नाहीत त्यांना त्यांच्या आकाराची कल्पना येणे कठीण आहे. विद्यापीठातील अमेरिकन फुटबॉल म्हणजे आपल्याकडच्या आंतरमहाविद्यालयीन स्पर्धा नव्हेत. मिशिगन किंवा पेन स्टेट विद्यापीठाच्या स्टेडियममध्ये एका वेळी लाखाहून अधिक माणसे बसतात. शरद ऋतूतील शनिवारी सारे गाव एकाच रंगाचे कपडे घालून रस्त्यावर उतरते, आणि सामना दुपारी असला तरी वाहनतळावर सकाळपासूनच गाड्यांची मागची दारे उघडून शेगड्या पेटतात, बर्फाच्या पेट्या निघतात आणि पिणे सुरू होते. याला टेलगेटिंग म्हणतात. या वाहनतळावर कोण किती पितो आणि कोणाचे वय काय, हे विचारणारे जवळपास कोणी नसते.

मद्य पिण्याचे वय मात्र संपूर्ण देशात २१ आहे. १९८४ च्या केंद्रीय कायद्याने, जी राज्ये हे वय पाळणार नाहीत त्यांच्या महामार्ग निधीला कात्री लावण्याची तरतूद केली आणि १९८८ पर्यंत सर्व राज्यांनी ते स्वीकारले. पदवीचे शिक्षण सर्वसाधारणपणे अठराव्या वर्षी सुरू होते, म्हणजे विद्यार्थ्यांसाठी राखलेल्या बाकांवर बसणाऱ्या बहुसंख्य मुलांना बिअर विकत घेणे बेकायदेशीरच असते. आपल्या विद्यार्थ्यांपैकी बहुतेकांना जी गोष्ट घेता येत नाही ती स्वतःच्याच मैदानावर विकणे हे कोणत्याही शिक्षणसंस्थेसाठी साधे काम नाही, आणि म्हणूनच पुष्कळ विद्यापीठांनी ते दीर्घकाळ टाळले. त्यातही एक भेद होताच. देशाच्या आग्नेय भागातील विद्यापीठांच्या एसईसी या संघटनेने सर्वसामान्य बाकांवर मद्यविक्रीला बंदी घातली होती, पण महागड्या खासगी कक्षांतून बसणाऱ्यांना ती लागू नव्हती. ही बंदी २०१९ मध्ये उठली आणि निर्णय प्रत्येक विद्यापीठावर सोपवण्यात आला. त्याआधीच टेक्सास विद्यापीठाने २०१५ मध्ये आणि ओहायो स्टेटने २०१६ मध्ये फुटबॉल सामन्यांना संपूर्ण स्टेडियममध्ये विक्री सुरू केली होती. मिशिगन राज्यात त्यासाठी कायदाच बदलावा लागला आणि तो २०२३ मध्ये बदलला गेला.

या सर्व ठिकाणी पुढे केलेले मुख्य कारण सुरक्षिततेचे होते, आणि ते कारण खोटे नव्हते, हे मी आवर्जून सांगते. वेस्ट व्हर्जिनिया विद्यापीठाचा अनुभव यात सर्वाधिक बोलका आहे. तेथे पूर्वी मध्यंतरात प्रेक्षकांना बाहेर जाऊन परत येण्याची मुभा होती. स्टेडियममध्ये मद्य मिळत नसल्यामुळे हजारो लोक त्या वीस मिनिटांत आपापल्या गाडीकडे धावत आणि उरलेल्या सामन्याला पुरेल एवढी दारू, बिअरच नव्हे तर व्हिस्कीसुद्धा, घाईघाईने घशाखाली उतरवून परत येत. २०११ मध्ये विद्यापीठाने दोन गोष्टी एकदम केल्या. आत बिअरची विक्री सुरू केली आणि बाहेर जाऊन परत येण्याची सोय बंद केली. त्या हंगामात पोलिसांपर्यंत गेलेली प्रकरणे आधीच्या वर्षापेक्षा जवळपास एक तृतीयांशाने घटली. विक्रीची बाजू मांडणारे अनेकजण हा दाखला देतात, पण त्यातील दुसरी अट, म्हणजे फाटक बंद करण्याची, सांगायला बहुधा विसरतात.

कोलोरॅडो विद्यापीठाचा अनुभव याच्या अगदी उलट दिसतो. बोल्डर येथील त्यांच्या स्टेडियममध्ये बिअर मिळत असे आणि १९९६ मध्ये ती बंद करण्यात आली. त्यानंतर अटका, मारामाऱ्या, स्टेडियमबाहेर काढावे लागलेले प्रेक्षक आणि शिस्तभंगासाठी बोलावले गेलेले विद्यार्थी या सर्वांत घट झाल्याचे २००१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात दिसून आले. एका ठिकाणी विक्री सुरू केल्यावर शांतता वाढते आणि दुसऱ्या ठिकाणी ती बंद केल्यावर वाढते, यात मला विरोध दिसत नाही. दोन्ही ठिकाणी सामन्याच्या तीन-साडेतीन तासांत माणसाच्या पोटात जाणाऱ्या मद्याला कोणीतरी जाणीवपूर्वक आवर घातला. म्हणून बिअर विकावी की विकू नये या वादापेक्षा ती कशी विकली जाते याकडे पाहणे मला अधिक महत्त्वाचे वाटते.

काउंटरवर नेमके काय घडते ते सांगते. समोरच्या माणसाचे केस पिकलेले असले तरी ओळखपत्र मागायचे, हा पहिला नियम आहे. विद्यापीठाचे ओळखपत्र चालत नाही, वाहन परवाना किंवा पासपोर्ट लागतो. जन्मतारीख वाचायची, छायाचित्र चेहऱ्याशी ताडून पाहायचे, परवाना बोटांनी हलकेच वाकवून पाहायचा, कारण बनावट परवान्याच्या कडा पुष्कळदा सुटलेल्या असतात. एका वेळी एका माणसाला जास्तीत जास्त दोन. बंद कॅन कधीही हातात द्यायचा नाही, आपणच उघडून द्यायचा किंवा पेल्यात ओतायचा, म्हणजे तो भरलेल्या अवस्थेत मैदानावर भिरकावला जात नाही आणि खिशात घालून कोणा लहानाकडे पोहोचवणेही अवघड होते. फुटबॉलमध्ये सामन्याच्या चार भागांपैकी तिसरा भाग (क्वार्टर) संपला की विक्री बंद होते. त्या शेवटच्या पाच मिनिटांत काउंटरसमोर जी झुंबड उडते ती पाहण्यासारखी असते. मागच्या रांगेतून ओरडा होतो, पुढचा माणूस परवाना काढेपर्यंत दहाजण उसासे टाकतात, आणि ज्याचे डोळे तांबारलेले आहेत, ज्याला नोटा धड मोजता येत नाहीत, अशा माणसाला नाही म्हणायचे असते तेही त्याच पाच मिनिटांत. असा नकार देताना माझा आवाज आजही थोडा कापतो. सोबतीला पर्यवेक्षक उभा असेल तर तो नकार टिकतो, एकट्या स्वयंसेवकाच्या बळावर तो टिकणे कठीण असते.

माझी ही भीती केवळ मनाची नाही. मिनेसोटा विद्यापीठातील संशोधकांनी व्यावसायिक खेळांच्या स्टेडियममध्ये, नशेत असल्याचा अभिनय करणारी माणसे बिअर घ्यायला पाठवली, तेव्हा सुमारे ७४ टक्के वेळा त्यांना ती मिळाली. बाकांमधून फिरून विकणाऱ्यांकडून ती काउंटरपेक्षा अधिक सहज मिळाली. एसईसीच्या नियमांत बाकांमधून फिरून विकायला मनाई आहे ती का योग्य आहे हे यावरून कळते. हे नियम कागदावर चांगलेच आहेत. ते पाळायला माणसे लागतात, प्रशिक्षण लागते, काउंटर वाढवावे लागतात, आणि या सर्वांना पैसा लागतो.

येथेच माझा खरा आक्षेप आहे. विक्री सुरू करताना सुरक्षिततेचे नाव घेतले गेले, पण ती वाढवली जात आहे उत्पन्नासाठी. ओहायो स्टेटने सुरुवातीलाच या उत्पन्नातून विद्यापीठ पोलिसांची नवी पदे भरण्याचे जाहीर केले होते, आणि तो मार्ग मला प्रामाणिक वाटतो. सगळीकडे तसे होत नाही. अनेक ठिकाणी हा पैसा क्रीडा विभागाच्या सर्वसाधारण जमाखर्चात मिसळून जातो. क्रीडा विभागांची गरजही वाढतेच आहे. जून २०२५ मध्ये न्यायालयाने मान्य केलेल्या तडजोडीनुसार विद्यापीठे आता खेळाडूंना थेट मोबदला देऊ शकतात, आणि २०२५-२६ या वर्षासाठी त्याची मर्यादा प्रत्येक विद्यापीठामागे सुमारे २ कोटी ५ लाख डॉलर आहे. खेळाडूंना त्यांच्या कष्टाचे पैसे मिळावेत हे मला मनापासून मान्य आहे. पण तो पैसा उभा करण्याचे ओझे बिअरच्या पेल्यावर टाकले की ज्या विभागाने दोनाची मर्यादा पाळायची त्याच विभागाला तिसरा पेला विकला जाण्यात रस निर्माण होतो. मग कुंपणच शेत खाऊ लागले तर नवल ते काय?

म्हणून स्टेडियममधील मद्यविक्रीचे निव्वळ उत्पन्न क्रीडा विभागाच्या हाती जाऊच नये, असे माझे स्पष्ट मत आहे. ते आधी काउंटरवरील पर्यवेक्षकांवर, वाहनतळावरील गस्तीवर आणि सामन्यानंतरच्या मोफत बसगाड्यांवर खर्च व्हावे, आणि उरलेले विद्यार्थी आरोग्य केंद्राकडे जावे. किती विकले, किती जणांना नाकारले आणि किती जणांना बाहेर काढावे लागले, याचा हिशेब प्रत्येक हंगामाच्या शेवटी प्रसिद्ध व्हावा. राज्य विद्यापीठ जनतेच्या करातून चालते, तेव्हा हा हिशेब मागण्यात कोणतीही आगळीक नाही. विद्यार्थ्यांच्या बाकांना लागून असलेले काउंटर तर बंदच करावेत. तेथे रांगेत उभा असलेला एकजण एकवीस वर्षांचा असतो आणि त्याच्या मागे बाकावर वाट पाहणारे चौघे एकोणीस वर्षांचे असतात, हे मी पुन्हा पुन्हा पाहिले आहे.

हा प्रश्न मराठी वाचकांपुढे मांडण्याचे कारणही याच रांगेत आहे. आपल्याकडून पदव्युत्तर शिक्षणासाठी येणारी मुले बावीस-तेवीस वर्षांची असतात, त्यांच्याकडे पासपोर्ट असतो, आणि त्यांच्याबरोबर राहणारी किंवा ओळखीची पदवीची मुले त्यांच्याहून लहान असतात. नव्या देशात मैत्री जमवण्याच्या ओढीने मोठ्याने दोन बिअर घ्याव्यात आणि एक लहानाच्या हातात द्यावी, ही अगदी सहज घडणारी गोष्ट आहे. देणाऱ्याला त्यात आपुलकीपलीकडे काही दिसत नाही. पण एकवीस वर्षांखालील व्यक्तीला मद्य पुरवणे हा येथील बहुतेक राज्यांत गुन्हा आहे, आणि त्यात अटकही होऊ शकते. आपल्या मुलांच्या बाबतीत प्रकरण दंडावर थांबेलच असे नाही, कारण पोलिसांतील नोंद पुढे व्हिसाच्या अर्जात सांगावी लागते आणि नोकरीच्या वेळीही आडवी येऊ शकते.

गाडी चालवण्याचा प्रश्न याहून गंभीर आहे. जवळपास सर्व राज्यांत रक्तातील मद्याची मर्यादा ०.०८ टक्के आहे, युटामध्ये ती ०.०५ आहे. एकवीस वर्षांखालील चालकांसाठी ती याहूनही खूप कमी, जवळपास शून्यावर आणलेली असते. येथे बिअरचे एक माप ३५५ मिलिलिटरचे धरतात, पण स्टेडियममध्ये त्याच्या दुप्पट आकाराचा कॅनही सर्रास मिळतो, त्यामुळे ‘दोनच घेतल्या’ असे म्हणणाऱ्याने प्रत्यक्षात चार घेतलेल्या असू शकतात. २०१५ पासून अमेरिकी परराष्ट्र खाते नशेत गाडी चालवल्याबद्दल झालेल्या नुसत्या अटकेवरूनही व्हिसा रद्द करू शकते, गुन्हा सिद्ध होण्याची वाट पाहिली जात नाही. असा विद्यार्थी शिक्षण पूर्ण करेपर्यंत बहुधा येथे राहू शकतो, पण आजारी आईवडिलांना भेटायला किंवा बहिणीच्या लग्नाला मायदेशी गेला की परतण्यासाठी नव्याने व्हिसा मागावा लागतो, वैद्यकीय तपासणीला सामोरे जावे लागते, आणि परतण्याची खात्री राहत नाही.

सामन्यांना जाऊ नये असे मी कोणालाही सांगणार नाही. बँडच्या पहिल्या सुरावर लाखभर माणसे एकदम उभी राहतात तो अनुभव मुलांनी जरूर घ्यावा. परंतु परदेशी जाणाऱ्या विद्यार्थ्यांसाठी आपल्याकडे जे मार्गदर्शन वर्ग भरतात, त्यांत बँक खाते, थंडीचे कपडे आणि घरभाडे यांच्याबरोबर या कायद्यांसाठीही अर्धा तास राखून ठेवावा, अशी माझी आयोजकांना कळकळीची विनंती आहे. अमेरिकेतील महाराष्ट्र मंडळांनीही ऑगस्टमध्ये, नवे विद्यार्थी पोहोचतात आणि फुटबॉलचा हंगाम सुरू होतो त्याच सुमारास, असा वर्ग घ्यावा. त्यासाठी एखाद्या मंडळाला काउंटरवर काम केलेली व्यक्ती हवी असेल तर मी आनंदाने येईन.

आपली नम्र,
अमेरिकास्थित एक वाचक