कुणाला विचारायला नको, ठीक आहे. पण ठरवतं कोण?

प्रिय मनू,

"आता मी स्वतंत्र, कुणाला विचारायला नको," असं तू म्हणालीस ते ऐकून बरं वाटलं. फक्त, विचारायला नको हा त्यातला सोपा भाग. सज्ञान झालं की तो कायदाच देऊन टाकतो.

जॉन स्टुअर्ट मिल या इंग्रज विचारवंताने १८५९ साली लिहून ठेवलंय की समाजाच्या मताचा जाच कित्येकदा सरकारी जुलमाहून वाईट, कारण त्यातून सुटायच्या वाटा कमी. आपलं "लोक काय म्हणतील" तेच. त्याच्या काळी निदान दार लावून घेता यायचं. तुझे लोक तुझ्या उशाशी असतात, फोनमध्ये. तिथली तर रचनाच बघ. पूर्वी वेबसाइटवरचं पान संपायचं, पुढच्यासाठी बटण दाबावं लागायचं. २००६ मध्ये एझा रॅस्किन या डिझायनरने न संपणारं स्क्रोलिंग काढलं. (पुढे त्याने स्वतःच त्याबद्दल जाहीर खंत केली.) बटणाबरोबर "पुरे की अजून?" असं स्वतःला विचारायची ती घटकाही गेली. तुला कुणी अडवलं नाही, जबरदस्ती केली नाही, आणि रात्रीचे दोन वाजले! मला धास्ती वाटते ती याची. मनाई डोळ्यांना दिसते, तिच्याशी भांडता येतं; तू माझ्याशी कमी भांडलीस का? इथे भांडायला समोर कुणी नसतंच.

पैशांबद्दल एवढंच, की पगार सुरू झाल्या झाल्या हप्ते मागे लावून घेऊ नकोस. नोकरीत पटत नसलेलं काही करायला सांगितलं, तर सहा महिन्यांचा खर्च बाजूला असलेल्या माणसाच्या तोंडून "नाही" लवकर निघतं. हप्ते भरणारा आधी तारीख बघतो.

बाबा म्हणतात, तिला लोकेशन चालू ठेवायला सांग. मी नाही सांगणार. मानवी हक्कांच्या १९४८च्या जाहीरनाम्यात, बाराव्या कलमात, कुणाच्याही खासगी आयुष्यात मनमानी ढवळाढवळ होऊ नये असं म्हटलंय, आणि आईवडिलांना त्यातून सूट दिलेली मला तरी दिसली नाही. काळजी माझी आहे, ती मी सांभाळीन. रात्री उशीर होणार असेल तर तेवढं कळवत जा. कुठे आणि कुणाबरोबर, ते सांगायचं की नाही हे तुझं तू ठरव.

तुझी,
आई