पालखीच्या सुताराचे नाव

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

गेल्या जूनमध्ये मी लेकीकडे फ्रान्सला गेले होते. तेव्हा ब्रिटनी प्रांतात ल फाऊएत गावाजवळ संत फियाक्र यांचे लहानसे प्रार्थनामंदिर पाहिले. फियाक्र हे माळ्यांचे संत. त्यांना हाती फावडे घेतलेले दाखवतात. मला थेट अरणचे सावतोबा आठवले, हात आपसूक जोडले गेले.

आत लोकांची जागा आणि वेदी यांच्यामध्ये रंगवलेल्या लाकडाची कोरीव जाळी आहे. समोरून आदम, हव्वा, देवदूत. वेदीच्या बाजूने पाहिले तर एक माणूस झाडावरची फळे चोरतोय आणि एका दारुड्याच्या तोंडातून चक्क कोल्हा बाहेर येतोय! जुन्या फ्रेंच बोलीत ओकण्याला 'कोल्हा सोलणे' म्हणत, ते त्या सुताराने जसेच्या तसे कोरले. तेहतीस वर्षे मी शाळेत चित्रकला शिकवली, पण त्या लाकडापुढून पाय निघेना. आणि तिथे कारागिराचे नाव सालासकट कोरलेले आहे: ओलिव्हिए ल लोएर्गां, १४८०.

माझे माहेर मोहोळ तालुक्यात, सीनाकाठी. आमच्या देवाची पालखी सागवानी. खालच्या पट्टीवर चुलीपुढे भाकरी थापणारी बाई आणि तिच्या पाठीशी बोटभर मांजर. पालखीखालून जाताना आम्ही पोरी ते मांजर चाचपायचो. हात लागून लागून ते गुळगुळीत झाले होते. दोन वर्षांपूर्वी जीर्णोद्धार झाला आणि चकचकीत पत्र्याची नवी पालखी आली. जुनीला सोनेरी ऑइलपेंट फासून कडब्याच्या खोलीत टाकली आहे. मांजराचे कान रंगात बुजले. कुणी वाईट हेतूने केले नाही, देवाचे चांगले व्हावे म्हणूनच केले, हे मला कळते. तरी पाहून रडू आले.

सुताराचे नाव विचारत घरोघर फिरले. ऐंशी ओलांडलेल्या एका आजींना एवढेच आठवले, की तो मंगळवेढ्याकडचा होता, देवळातच राहायचा आणि मजुरी ज्वारीत घ्यायचा.

चैत्रातल्या जत्रांआधी गावोगाव रंगरंगोटी निघेल. पंचमंडळींना कळकळीची विनंती आहे, जुन्या लाकडाला ऑइलपेंट लावू नका. ब्रश घेण्याआधी चारी बाजूंनी फोटो काढा आणि म्हाताऱ्या माणसांना घडवणाऱ्याचे नाव विचारून वहीत लिहा. आमच्या गावच्या पंचांनी होकार दिला, तर त्या मांजरावरचा रंग हलक्या हाताने उतरवायला मी स्वतः येऊन बसेन.

आपली,
एक निवृत्त चित्रकला शिक्षिका,
जुळे सोलापूर