खालच्या मजल्यावरच्या काकांना, जाहीर आभार

आदरणीय काका,

सा. न. वि. वि.

आमच्या छोट्या गेमच्या डब्यात तुम्ही आमच्या लहानपणचे गेम घालून दिलेत, आणि पैशांचं नाव काढलं तर विषय बदललात. पेढे आणले तर त्यातला एक उचलून बॉक्स माझ्या लेकीच्या हातात परत दिलात. म्हणून हे पत्र चारचौघांना दिसेल असं लिहिते आहे. नाशिकमध्ये आणखी कुणाच्या घरी असा छोटा गेमचा डबा पडून असेल, तर त्यांनाही कळावं की त्याला किती मायेनं हात लावता येतो.

वाचणाऱ्यांसाठी थोडं मागचं सांगते. माझा दादा जपानमध्ये नोकरीला आहे. मागच्या खेपेला येताना त्यानं फॅमिकॉम मिनी आणला. निन्टेन्डो या जपानी कंपनीचा मूळ फॅमिकॉम, म्हणजे टीव्हीला जोडून कॅसेटवरचे गेम खेळायचं यंत्र, जुलै 1983 मध्ये जपानच्या बाजारात आला. त्याचीच ही तळहातावर मावणारी आवृत्ती कंपनीनं नोव्हेंबर 2016 मध्ये काढली. अंग तसंच पांढरं-लाल, दोन्ही रिमोट वायरनं कायमचे जोडलेले, टीव्हीला एचडीएमआयनं जोडायचं. कॅसेटची खाच मात्र नुसती दिसायला. आत 30 गेम भरलेले, आणि त्यात भर घालायची कुठलीही सोय कंपनीनं ठेवलेली नाही.

त्या तीसांत मारिओ आहे, पॅकमॅन आहे, गॅलगा आहे, आमचा लाडका यी आर कुंग फूसुद्धा आहे. पण कॉन्ट्रा नाही! त्याचा पुढचा भाग, सुपर कॉन्ट्रा, आहे, पहिला नाही. बॅटल सिटी नाही, रोड फायटर नाही. नव्वदच्या दशकात नाशिकरोडला नोट प्रेसच्या कॉलनीत वाढलेल्या आम्हा भावंडांसाठी व्हिडिओ गेम म्हणजे हेच तीन. उन्हाळ्याच्या सुट्टीत दुपारी पडदे ओढून, आवाज बारीक करून, आजी झोपलेली असताना आम्ही जे खेळायचो ते हेच. दादानं त्या आठवणीपोटी टोकियोच्या अकिहाबारात जुन्या मालाच्या दुकानांतून या तिन्हींच्या अस्सल जपानी कॅसेटही घेऊन ठेवल्या होत्या. डबा एकीकडे, कॅसेट दुसरीकडे, आणि दोघांना जोडणारं काहीच नाही.

मी आधी बाजारात चौकशी केली. एका दुकानात सांगितलं, ठेवून जा, दहा हजार गेम टाकून देतो. कसे टाकणार, मूळचे राहतील का, बिघडलं तर परत येईल का, यातल्या एकाही प्रश्नाला उत्तर मिळालं नाही. तशीच परत आले आणि जिन्यात तुम्ही भेटलात. आयटीआयमध्ये इतकी वर्षं इलेक्ट्रॉनिक्स शिकवलेला माणूस आपल्याच बिल्डिंगमध्ये राहतो, हे माहीत असूनही डोक्यात आलं नव्हतं. तुम्ही डबा हातात घेतलात, उलटा-सुलटा करून पाहिलात आणि म्हणालात, "अगं, हा गेमचा डबा नाही, हा लिनक्स या मोफत प्रणालीवर चालणारा कॉम्प्युटर आहे. घाई करू नकोस, वाचून सांगतो."

आणि खरंच तुम्ही आधी वाचलंत. मग एका रविवारी आम्हाला तिघींना, आई, मी आणि लेक, समोर बसवून सगळं समजावलंत. आत ऑलविनर कंपनीची आर16 ही चिप, 256 एमबी रॅम आणि 512 एमबी साठवण. जुने गेम चालतात ते एम्युलेटरवर, म्हणजे फॅमिकॉमची नक्कल करणाऱ्या प्रोग्रॅमवर. 2017 च्या सुरुवातीला एका रशियन प्रोग्रॅमरनं हाकची2 नावाचं सॉफ्टवेअर लोकांसाठी मोफत सोडलं, त्यामुळे घरच्या कॉम्प्युटरवरून यात गेम घालता येऊ लागले. पुढे इतर जाणकारांनी ते सांभाळलं, वाढवलं.

त्या दिवशी सगळ्यात महत्त्वाची गोष्ट तुम्ही आईच्या शंकेला उत्तर देताना सांगितलीत. आई म्हणाली, "पोरानं एवढ्या लांबून आणलंय, बंद पडलं तर?" तेव्हा तुम्ही म्हणालात, या चिपमध्ये फेल नावाचा एक मार्ग कारखान्यातच कोरलेला आहे. तो चिपच्या कायमच्या स्मृतीत आहे, आपण पुसायचं म्हटलं तरी पुसता येत नाही. साठवणीतलं सगळं गडबडलं तरी रिसेट दाबून धरून पॉवर चालू केली की चिप त्या मार्गानं जागी होते आणि कॉम्प्युटरशी बोलते. मूळ प्रत आपल्याकडे असली की पुन्हा पहिल्यासारखं करता येतं. आईचा चेहरा सैल झाला. माझाही.

म्हणून तुम्ही पहिलं काम केलंत ते मूळ कर्नलची, म्हणजे डबा चालवणाऱ्या मुख्य प्रोग्रॅमची, प्रत काढून ठेवण्याचं. एक तुमच्या लॅपटॉपवर, एक माझ्या पेनड्राइव्हवर, एक दादाला मेलनं. त्याआधी गेमच्या एकाही फाइलला तुम्ही हात लावू दिला नाहीत. ज्यांना हे करायचंय त्यांना मी हात जोडून सांगेन, ही पायरी गाळू नका. आणि दुसरं, वायर तपासा. मोबाइलच्या चार्जरबरोबरच्या काही वायरींतून फक्त वीज जाते, डेटा जात नाही. आमच्या घरातल्या वायरी तुम्ही एकेक करून बाजूला ठेवल्यात आणि शेवटी तुमच्या खणातली निघाली. काम ऐन रंगात असताना लाइट गेली तेव्हा माझा जीव वर आला होता. तुम्ही शांतपणे म्हणालात, डब्याला वीज लॅपटॉपमधून मिळतेय आणि लॅपटॉपला बॅटरी आहे, चालू दे.

आता कॅसेटचं. नेटवर सगळं तयार मिळतं, हे मलाही ठाऊक होतं. पण तुम्ही स्पष्ट सांगितलंत की गेम आपल्या कॅसेटमधूनच उतरवायचे, दुसऱ्याच्या कष्टाची फुकटची फाइल तुमच्या हातून चढणार नाही. मला हे फार आवडलं. सोपा रस्ता समोर असताना तुम्ही स्वतःचं काम वाढवून घेतलंत. फॅमिकॉमच्या कॅसेटला 60 पिना असतात. तसा कनेक्टर आणायचा कुठून, यावर तुम्हीच विचारलंत, "तुमचा जुना सेट आहे का गं?" होता. नाशिकरोडहून इंदिरानगरला येताना आईनं माळ्यावर टाकलेला, कित्येक वर्षं न चाललेला तो स्वस्तातला सेट. त्यातला कनेक्टर काढण्याआधी तुम्ही आईची परवानगी मागितलीत. भंगार म्हणून दिलेल्या वस्तूसाठीही विचारणारी माणसं किती असतील?

तो कनेक्टर, एक मायक्रोकंट्रोलर बोर्ड (छोट्या कॉम्प्युटर चिपची पट्टी) आणि वायरींचं जाळं यातून तुम्ही कॅसेट वाचणारा रीडर बांधलात. कॅसेटच्या पिना पेन्सिलच्या खोडरबरानं हलक्या हातानं घासल्यात, मग आयसोप्रोपिल अल्कोहोलनं पुसल्यात. फुंकर मारायची नाही, त्यातल्या ओलाव्यानं पिना गंजतात, हे ऐकून दादा फोनवर हळहळला, कारण आमचं बालपण फुंकरा मारण्यातच गेलं. प्रत्येक कॅसेट दोनदा वाचायची आणि दोन्ही फाइलींचा चेकसम, म्हणजे फाइलीतल्या मजकुरावरून काढलेला पडताळणीचा आकडा, जुळला तरच पुढे जायचं, हा तुमचा नियम. बॅटल सिटीची फाइल भरली 24 केबी. सकाळी मोबाइलवर येणारं शुभ सकाळचं चित्रसुद्धा याहून जड असतं. तेवढ्यात रणगाडे, विटांच्या भिंती, गरुड, सगळ्या लढाया!

कॉन्ट्रानं वेळ घेतला. जपानी कॉन्ट्राच्या कॅसेटमध्ये कोनामीची खास चिप आहे आणि डब्यातल्या मूळच्या एम्युलेटरला ती ओळखता येत नाही. पडदा काळा. तुम्ही रेट्रोआर्च हे अनेक एम्युलेटर चालवणारं सॉफ्टवेअर घातलंत, त्यातला दुसरा एम्युलेटर निवडलात, आणि गेम उघडला तो आमच्या आठवणीपेक्षा श्रीमंत निघाला. पातळ्यांच्या मध्ये नकाशा येतो, बर्फाच्या पातळीत खरोखर बर्फ पडतो. तीस जीव मिळवायची ती वर-वर-खाली-खाली अशी ठरावीक क्रमानं बटणं दाबायची किल्ली आईलासुद्धा पाठ निघाली, आमचं ओरडणं ऐकून ऐकून. ती किल्ली आधी कोनामीच्याच ग्रॅडियस या गेममध्ये आली, काझुहिसा हाशिमोतो यांनी गेम तपासताना तो स्वतःलाच जड जात होता म्हणून बनवली, हे तुम्ही सांगितलंत. आणि ग्रॅडियस तर डब्यात आधीपासूनच आहे.

डक हंट, म्हणजे टीव्हीवर बंदूक रोखून बदकं टिपायचा गेम, मात्र होणार नाही, हेही तुम्ही नीट समजावलंत. ती बंदूक जुन्या काचेच्या टीव्हीचीच. चाप ओढला की पडदा क्षणभर काळा होऊन बदकाच्या जागी पांढरा चौकोन येतो आणि बंदुकीतला सेन्सर तो उजेड टिपतो. आताच्या सपाट टीव्हीवर चित्र उशिरा उमटतं, बंदुकीला ते जुळत नाही. मनाई करतानाही कारण सांगावं, हे तुमच्याकडून घ्यावं.

काका, मला सगळ्यात जास्त आभार मानायचेत ते तुम्ही काय घातलं नाहीत त्याबद्दल. साठवणीत निम्म्याहून जास्त जागा मोकळी होती. दुकानातल्या माणसानं ती ठासून भरली असती. तुम्ही विचारलंत, खेळणार कोण, दोघांनी खेळायचं की एकट्यानं, आईला काय झेपेल. मोजकेच गेम घातलेत, मेनूत वेगळ्या फोल्डरमध्ये, मूळ तीसांना धक्का न लावता. माझं आता ठाम मत झालंय की हजारो गेमचा डबा कुणी खेळत नाही, नुसता यादी चाळत बसतो. आमच्या घरी रोज संध्याकाळी तेच चार-पाच गेम लागतात आणि प्रत्येकाचा शेवट गाठायची जिद्द असते.

त्याच वेळी तुम्ही आम्हाला एक गोष्ट वाचून दाखवलीत. या डब्याचा पाश्चात्त्य जुळा भाऊ, एनईएस क्लासिक, लोकांनी पहिल्यांदा आतून तपासला तेव्हा त्यात बनवणाऱ्यांनी दडवलेला एक निरोप सापडला. खाली सही 'हानाफुदा कॅप्टन'ची. हानाफुदा म्हणजे ज्या पत्त्यांपासून 1889 मध्ये क्योटोत निन्टेन्डोची सुरुवात झाली ते पत्ते. निरोपाचा आशय असा, की या रत्नात खूप मेहनत, अश्रू आणि अगणित तास ओतलेत, तेव्हा जागा नीटनेटकी ठेवा, सगळं मोडून टाकू नका. वाचून झाल्यावर तुम्ही एवढंच म्हणालात, "त्यांनी विनंती केलीये, आपण पाळायची." तुमचं सगळं काम या एका वाक्यावर चाललेलं मला दिसलं.

लेकीबद्दल वेगळं लिहायलाच हवं. तिला वाटायचं हे गेम म्हणजे आईच्या जमान्यातलं काहीतरी. तुम्ही तिला दाखवलंत की या यंत्रासाठी लोक आजही नवे गेम लिहितात. नोव्हा द स्क्विरल नावाचा खारीचा गेम तिला दिलात, निर्मात्यानं मोफत ठेवलेला, सोर्स कोडसकट, म्हणजे प्रोग्रॅमच्या मूळ लिखाणासकट. मग तिची चौकटींची वही मागवलीत. आठ आडवे, आठ उभे चौकोन, आणि रंग चारच, त्यातला एक पारदर्शक. या मापात चित्र काढ म्हणालात. तिनं द्राक्षाचा घड काढला, नाशिकच्या मुलीला दुसरं काय सुचणार! तुम्ही प्रत्येक चौकोनाचे बिट, म्हणजे 0 आणि 1 चे आकडे, तिच्याकडूनच लिहून घेतलेत, अख्खं चित्र 16 बाइटमध्ये बसतं हे तिला मोजायला लावलंत, आणि गेममधल्या एका चित्राच्या जागी ते घातलंत. खार द्राक्षं गोळा करतेय हे पाहून ती जी किंचाळली ते तुमच्या घरापर्यंत ऐकू आलं असणार. आता ती वहीत दुसरं काही लिहायलाच तयार नाही. गणिताच्या तासाला काढलेला राक्षस माझ्याकडे जप्त आहे, तो तुम्हाला दाखवायचाय.

एक छोटी सोय, पण आईच्या वतीनं तिचे खास आभार. रिमोटची वायर आखूड, त्यामुळे दर वेळी मेनूत जायला उठून डब्यावरचं रिसेट दाबावं लागायचं. आता खाली आणि सिलेक्ट एकदम दाबलं की बसल्या जागी काम होतं. आईचे गुडघे तुम्हाला दुवा देतात.

दादा दिवाळीत येतोय. मूळ प्रतीची फाइल त्यानं जपून ठेवलीये आणि तुमच्यासाठी आणखी काही जुन्या कॅसेट शोधतोय. तुम्हाला कुठल्या हव्यात ते कळवा, संकोच करू नका. आमच्या जुन्या सेटचा कनेक्टर परत देऊ का असं तुम्ही विचारलं होतंत. आई म्हणते, तो रीडरलाच राहू द्या, पुन्हा लागणार आहे. आणि पाडव्याला फराळाला काकूंना घेऊन या. कॉन्ट्राचा दुसरा खेळाडू कोण यावर दादाचं आणि लेकीचं भांडण आतापासूनच सुरू झालंय, ते तुम्हीच येऊन मिटवा.

तुमची,
दुसऱ्या मजल्यावरची ताई
इंदिरानगर, नाशिक