खेळाडूला बोलतं करण्याआधी जरा बघू द्या

मा. संपादक,
स. न. वि. वि.

क्रीडा माहितीपटांवरचा आपल्या रविवार पुरवणीतला लेख वाचला. ओटीटीवरच्या ज्या मालिकांचं त्यात कौतुक आहे, त्यांचा साचा ठरलेला असतो. काळ्या पडद्यासमोर खुर्चीत बसवलेला खेळाडू, डोळ्यांत पाणी, मागे व्हायोलिन. प्रत्यक्ष खेळ तेवढा दोन-चार सेकंदांच्या तुकड्यांत. अशा लेखात डॅनिश दिग्दर्शक यॉर्गन लेथ यांचं नावही नसावं, हे खटकलं.

१९७६ च्या पॅरिस-रुबे सायकल शर्यतीवरचा त्यांचा ‘अ संडे इन हेल’ हा माहितीपट सुरू होतो तो एका मेकॅनिकपासून. तो सायकल साफ करतोय. ब्रश फिरतो, चेन फिरते, आणि कॅमेऱ्याला कसलीही घाई नाही. मग सायकलपटूंच्या पायांना मालिश. शर्यत सुटते तेव्हा ते पाय आपल्या ओळखीचे झालेले असतात. पुढे दगडी रस्ते आणि धूळ, इतकी की चेहरे ओळखू येऊ नयेत. वाटेत एका वृत्तपत्राच्या छापखान्यातले आंदोलक कामगार शर्यतच अडवतात. लेथ तेही दाखवतात, न्यायनिवाडा करत बसत नाहीत. मर्क्स, मोझर, डी व्लामिंक अशी मातब्बर मंडळी असताना जिंकतो मार्क डेमेयर. चित्रपट मात्र तिथे संपत नाही, थकल्या सायकलपटूंमागोमाग थेट न्हाणीघरात जातो.

हे सगळं ‘तटस्थ’ आहे असं मात्र कुणी समजू नये. निवेदन आहे, समूहगान आहे, हेलिकॉप्टरमधून केलेलं चित्रण आहे. कॅमेरा लावून चहाला निघून गेलं की निरीक्षण होत नाही. कुठे थांबायचं हे दिग्दर्शकालाच ठरवावं लागतं. लेथ यांनी त्याआधी १९७३ च्या जिरो द’इटालिया या इटलीतल्या सायकल शर्यतीवर केलेल्या चित्रपटात तर मर्क्ससारख्या ताऱ्यांइतकाच मान त्यांच्या पाणक्यांना आहे. म्हणजे मागे पडून गाडीतून बाटल्या घ्यायच्या आणि पुन्हा जीव तोडून आपल्या म्होरक्याला गाठायचं, हेच ज्यांचं काम, ती माणसं.

आपल्याकडे मुंबई-पुणे सायकल शर्यत आहे, त्यात बोरघाट आहे, ‘घाटाचा राजा’ हा मानही आहे. माहितीपटांची परंपरा तर मुंबईला फिल्म्स डिव्हिजन या सरकारी संस्थेपासूनची. ‘मिफ’ हा माहितीपटांचा महोत्सव १९९० पासून इथेच भरतो. तरीही या शर्यतीची आठवण म्हणून आपल्या हाती काय उरतं, तर करंडक उंचावलेल्या विजेत्याचा फोटो. खोपोली सोडल्यावर चढावर कोण कुणाच्या चाकाला चिकटून राहिला, कुणी कुणासाठी वारा अंगावर घेतला, टेम्पोत सुटं चाक मांडीवर घेऊन बसलेला मेकॅनिक कुणाकडे बघत होता, याची कुठेच नोंद नाही. हेलिकॉप्टर नको, दोन मोटारसायकली आणि चिवट कॅमेरामन मिळाले तरी खूप आहे.

तोवर एक विनंती. पुढच्या शर्यतीला आपला छायाचित्रकार बक्षीस समारंभाऐवजी घाटाच्या पायथ्याशी पाठवावा.

आपला,
एक वाचक, मुलुंड (पूर्व)