बाकावरून उठवल्याबद्दल: लेकीच्या ज्युदोच्या सरांना

आदरणीय सर,
सप्रेम नमस्कार.

माझं फ्रेंच अजून बाजारहाट आणि शाळेतून येणाऱ्या चिठ्ठ्यांपुरतंच आहे, म्हणून मराठीत लिहितेय. लेक तुम्हाला समजावून सांगेल. फ्रान्समध्ये नव्याने येणाऱ्या मराठी घरांच्याही हे नजरेस पडावं, म्हणून उघडपणे लिहितेय.

ल्योंला आलो तेव्हा एका शेजारणीने सुचवलं, बुधवारी दुपारी शाळा नसते, मुलीला ज्युदोला घाला. म्हटलं, एवढ्या लांब फ्रान्सला येऊन जपानी कुस्ती कशाला? या देशात ज्युदो फेडरेशनचे सभासद पाच लाखांच्या घरात आहेत आणि नोंदणीत जपानही मागे आहे, याचा पत्ताच नव्हता.

तुम्ही फी तीन चेकमध्ये चालेल म्हणालात आणि कपाटातून कोणाचा तरी आखूड झालेला किमोनो काढून दिलात. मग नखं तपासलीत. लेक तातामीच्या, म्हणजे ज्युदोच्या गाद्यांच्या, कडेला मुसमुसत उभी होती. तुम्ही तिची समजूत काढायला गेला नाहीत. हिरव्या पट्ट्याच्या एका मुलीला नुसती खूण केलीत. ती येऊन हिच्यासमोर गुडघ्यांवर बसली, पट्टा दोनदा गुंडाळून गाठ मारली आणि हाताला धरून घेऊन गेली. लहानांचे पट्टे मोठ्यांनी बांधायचे, हा तुमच्याकडचा शिरस्ता मला फार आवडतो.

भिंतीवरच्या फोटोतल्या जपानी ज्युदो शिक्षक कावाइशी मिकिनोसुके यांच्याबद्दल तुमच्याकडूनच कळलं. ते 1935 साली लंडनहून पॅरिसला आले. शिकणारा कुठल्या पायरीवर आहे हे दाखवणारे रंगीत पट्टे लंडनमध्ये आधीपासून होते; फ्रान्समध्ये कावाइशींनी ते रुजवले आणि जपानी नावं जड जातात म्हणून डावांना क्रमांक दिले. जपानी परंपरेच्या कट्टर लोकांना हे रुचलं नसणार. पण प्रगतिपुस्तकावर वाढलेल्या माझ्यासारखीला त्यातली हुशारी लगेच कळते. शिकणाऱ्याला पुढची पायरी डोळ्यांना दिसली की तो टिकतो. पुढे 1950 मध्ये आवाझू शोझो हे दुसरे जपानी शिक्षक मदतीला आले आणि फ्रान्सचेच होऊन राहिले. 1955 साली तर ज्युदो शिकवण्यासाठी सरकारी पदविका सक्तीची करणारा कायदाच झाला. तुमची पदविका दाराशी लावलेली आहे. परक्या गावात पोटची पोर कोणाच्या हवाली करताना तेवढा कागदही मोठा आधार असतो.

पण खरे आभार वेगळ्याच गोष्टीचे मानायचे आहेत.

मी बाकावर बसून असायची. बोलायला भाषा नाही, नोकरी नाही, मोबाइलमध्ये डोकं. एकदा तुम्ही जवळ येऊन सावकाश, मला कळेल अशा फ्रेंचमध्ये म्हणालात, गुरुवारी संध्याकाळी ताइसो असतं, या. ताइसो म्हणजे ज्युदोवाल्यांचा व्यायाम. त्यात कुस्ती नाही, कोणी आपटत नाही. मी वयाचं कारण सांगितलं, तर तुम्ही माझ्याहून कितीतरी मोठ्या आजीबाईंकडे बोट दाखवलंत. आता त्याच माझ्या जोडीदार आहेत. पाठीला पाठ लावून जमिनीवरून उठायचं, रबरी पट्टा दोघींनी ओढायचा, मध्येच दम लागला की हसायचं. माझं निम्मं फ्रेंच त्यांनी शिकवलंय, त्यात तुमच्यासमोर न बोलण्यासारखेही शब्द आहेत.

2024 च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये मिश्र सांघिक अंतिम फेरीत फ्रान्स जपानविरुद्ध 1-3 ने मागे होता, तरी 4-3 ने जिंकला. निर्णायक लढतीसाठी चिठ्ठी निघाली ती फ्रान्सचा नामांकित ज्युदोपटू टेडी रिनेरच्या वजनगटाची! आमच्या घरात नुसता कल्ला. त्यानंतर ज्युदो का वाढला, हे रिनेरकडे बघून सांगणारे पुष्कळ भेटले. मला नाही पटत. पदकं दर चार वर्षांनी येतात. गावच्या हॉलचं कुलूप तुम्ही दर बुधवारी उघडता, पावसात, थंडीत, पाठ धरलेली असतानाही.

जूनमध्ये पट्टे देण्याच्या कार्यक्रमाला खाऊ माझ्याकडे लागला. शंकरपाळे करीन म्हणते. किती जण असतील, तेवढं लेकीजवळ सांगा.

तुमची,
गुरुवारच्या वर्गातली एक आई