नवरा तुरुंगात गेल्यावर

प्रिय वीणा,

याकुझांच्या, म्हणजे जपानी गुंडटोळ्यांच्या, सिनेमांत मला एवढं काय दिसतं, असं तू विचारलंस. अगं, मारामारीसाठी नाही, मी त्यातल्या बायकांसाठी बघते.

१९८६ चा 'गोकुदो नो ओन्नाताची' घे. गोकुदो म्हणजे याकुझाच. नावात जे अक्षर छापलंय त्याचा अर्थ 'बायको', पण इथं ते वाचायचं 'ओन्ना', म्हणजे बाई. मी कितीतरी वेळ त्या अक्षराकडे बघत बसले होते. त्यात शिमा इवाशिता या नटीनं केलेली तामाकी तशीच आहे. नवरा तुरुंगात, टोळी तिच्या हातात. दांडगे गडी मान खाली घालून तिला 'आनेसान' म्हणतात, म्हणजे थोरली ताई; मानानं मात्र आपल्या वहिनीसाहेबच. तिचा शब्द कुणी खाली पडू देत नाही. पण गादी नवऱ्याची, ती फक्त सांभाळायची!

त्याआधी, १९६८ मध्ये, जुंको फुजी या नटीची ओर्यू पडद्यावर आली. बापाचा खून झाल्यावर ही पोर खांद्यावर लाल पिओनीचं फूल गोंदवून घेते आणि बाईपण सोडल्याचं सांगून जुगाऱ्यांच्या जगात एकटी हिंडते. किमोनो, केसांची पिन, चालणं सगळं बाईचंच, आणि तरी बाईपण सोडल्याशिवाय तिला तिथं उभं राहता येत नाही. हे मला फार लागतं. १९७२ पर्यंत आठ सिनेमे झाले. त्याच वर्षी जुंकोनं काबुकी या जपानी पारंपरिक नाट्यातल्या नटाशी लग्न केलं आणि ऐन भरात काम थांबवलं. परतली, पण बऱ्याच वर्षांनी.

हे सगळं कल्पनेतलं म्हणावं, तर खरी फुमिको ताओका आठवते. १९८१ मध्ये यामागुची-गुमीचा तिसरा प्रमुख, तिचा नवरा, वारला. वारस म्हणून ज्याच्याकडे बघत होते तोही काही महिन्यांत गेला. मग जपानच्या त्या सगळ्यात मोठ्या टोळीचा तोल या विधवेनं सांभाळला. १९८४ मध्ये चौथा प्रमुख ठरला, त्यातही तिचा शब्द वजनदार होता. हा नवा प्रमुख ज्यांना पटला नाही ते फुटून निघाले आणि रक्तपात झाला. एवढं करूनही प्रमुखांच्या मोजणीत तिला आकडा नाही. तिसऱ्यानंतर थेट चौथा.

दिवाळीत येशील तेव्हा तामाकीचा सिनेमा लावू. धाकटी बहीण दुसऱ्या टोळीतल्या माणसाकडे जाते आणि दोघी सख्ख्या बहिणी एकमेकींवर तुटून पडतात, तो प्रसंग मला एकटीला परत बघवत नाही.

तुझी,
मंजू