लखोबापलीकडचे पणशीकर

महोदय,

देवस्थानांच्या उत्सवात बाहेरगावच्या ज्येष्ठ नटांना बोलावून त्यांचा सत्कार करण्याची गोव्यातील प्रथा स्तुत्य आहे. मात्र फोंडा तालुक्यातील अशा एका सोहळ्यात नुकतेच जे घडले, त्याविषयी लिहिणे आवश्यक वाटते. पाहुणे तालमींच्या दिवसांविषयी मनापासून बोलत असताना प्रेक्षकांतून ‘तो संवाद म्हणा’ असा गलका सुरू झाला, सूत्रसंचालकानेही तीच री ओढली आणि पाहुण्यांना भाषण अर्धवट सोडून जुन्या नाटकातील त्या चार ओळी म्हणाव्या लागल्या. टाळ्या भरपूर पडल्या, हेही सांगितले पाहिजे.

गाजलेली भूमिका नटाला गिळते, असे म्हटले जाते. माझ्या मते भूमिका बिचारी निरुपद्रवी असते; गिळतो तो प्रेक्षक. आचार्य अत्रे यांचे ‘तो मी नव्हेच’ १९६२ मध्ये रंगभूमीवर आले आणि पाच सोंगे घेणारा लखोबा लोखंडे प्रभाकर पणशीकरांना जन्मभर चिकटला. त्यांनी त्याला झिडकारले नाही. उलट आत्मचरित्राला ‘तोच मी’ असे मिस्कील नाव दिले. परंतु ‘इथे ओशाळला मृत्यू’मधील औरंगजेबही त्यांचाच होता. मंगेशीच्या पं. जितेंद्र अभिषेकींच्या संगीताने नटलेले ‘कट्यार काळजात घुसली’ १९६७ मध्ये रंगमंचावर आणले, तेही पणशीकरांच्याच ‘नाट्यसंपदा’ या नाट्यसंस्थेने. या नाटकातील पदांवर जीव टाकणाऱ्या गोमंतकीय रसिकांपैकी किती जणांना त्यांचा निर्माता आठवतो? निळू फुले यांच्या बाबतीतही तेच झाले. पडद्यावरच्या बेरकी पाटलामागे राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात घडलेला कार्यकर्ता झाकला गेला.

आपल्या उत्सवी नाटकांत गावचा शिक्षक एका वर्षी संभाजी होतो, तर पुढच्या वर्षी तळीराम. तरीही तो कोणत्याच भूमिकेत अडकत नाही, कारण तो आपल्याला रोज बाजारात भेटत असतो. व्यावसायिक नटाला ही सोय नाही. त्याच्याविषयी आपल्याला जे ठाऊक असते, ते रंगमंचावरून दिसलेले तेवढेच.

म्हणून आयोजकांनी कोणता प्रवेश सादर करायला आवडेल, हे सत्कारमूर्तींनाच आधी विचारावे आणि फलकावर भूमिकेपेक्षा नटाचे नाव मोठे छापावे. कला अकादमीने किंवा एखाद्या रवींद्र भवनाने ज्येष्ठ नटांच्या विस्मृतीत गेलेल्या भूमिकांवर मुलाखतींचा कार्यक्रम ठेवल्यास आमच्यासारखे रसिक तिकीट काढूनही येतील.

— एक नाट्यरसिक, फोंडा